एक मूल वरच्या गावचं, एक खालच्या

तुळजाबाई मला पहिल्यांदा दिसली ती मी शिकवत होते त्या शाळेच्या पडवीत, १९६८च्या जूनमध्ये. शाळेत नाव घालायला आणलेली चार मुलं ओळीने उभी करून ती एकेकाच्या डोक्यावर हात ठेवत होती. त्यातलं एकही तिचं नव्हतं.

"ही पानशेतचं धरण फुटलं तवाची. ह्यो त्याच्या फुडल्या शिमग्याचा."

वस्तीतली सगळी बाळंतपणं तिच्या हातची. जन्मवेळा तिच्याखेरीज कुणाला ठाऊक नसत.

कात्रजच्या पुढे तेव्हा उघडा माळ होता. माळावर, दोन गावांच्या मधोमध, बावीस घरांची ही वस्ती. दोन्ही गावं तिला 'मधली' म्हणत आणि दोन्ही ग्रामपंचायती ती दुसरीची आहे असं सांगत. मधलीला विहीर नव्हती. एक दिवस वरच्या गावच्या विहिरीवर जायचं, एक दिवस खालच्या, असं ठरलेलं. दिवस चुकला तर घागर रिकामी परत यायची.

तुळजाबाई निरक्षर. जन्माच्या चिठ्ठ्या मी लिहून द्यायची आणि ती ग्रामसेवकाकडे पोचवायची. काही महिन्यांनी माझ्या लक्षात आलं की एक मूल ती वरच्या गावात नोंदवते आणि पुढचं खालच्या.

"अहो, सख्खी भावंडं ही. दोन गावं कशी?"

"पानी दोन्ही गावांचं पितो न्हवं, बाई? मग पोरं एकाच गावाची केली तर दुसऱ्याला काय वाटंल?"

मला ते फार गोड वाटलं. मी लिहीत गेले. तीस वर्षं.

पुढे गावं महापालिकेत गेली आणि माळावरून रस्ता आखला गेला. ज्यांची घरं जाणार त्यांना बदली खोल्या मिळणार होत्या. अट एकच: घरातली सगळी माणसं एकाच गावच्या दफ्तरात हवीत.

मधलीत असं एकही घर नव्हतं.

मी तिच्याबरोबर महापालिकेच्या कार्यालयात गेले. साहेबांनी दोन्ही गावांची दफ्तरं समोर उघडली होती. "आजी, भाऊ वरच्या गावचा, बहीण खालच्या. एक घर दोन गावांत असतं का?"

"असतंय की. आमचं हाय."

ते हसले. मग माझ्याकडे वळले. "बाई, चिठ्ठ्यांवरचं अक्षर आपलंच ना? वा! सुवाच्य आहे. चूकसुद्धा नीट वाचता येते."

त्यांनी मधलीच्या नावापुढे 'बाहेरून आलेले' असं लिहिलं.

मार्चमध्ये घरं पाडली. एका दुपारीत बावीस. माणसं पत्रे आणि भांडी घेऊन कडेला बसली होती. गेनबाची पाचही मुलं तुळजाबाईच्या हातावर जन्मलेली. तो सगळ्यांदेखत ओरडला, "लई न्यायाची तू! दोन्ही गावांचं मन राखलंस. आता जा, माग जागा त्यांच्याकडं."

कोणी त्याला गप्प केलं नाही.

"चुकलं माजं," ती म्हणाली.

लिहिणारी मी तिच्या शेजारीच उभी होते. तिने माझ्याकडे पाहिलंही नाही. तेव्हा मला वाटलं, रागावली आहे. मी उघडी पडू नये म्हणून तिने नजर वळवली होती, हे रिक्षात बसल्यावर कळलं. मीही तोंड उघडलं नव्हतं.

मधलीची माणसं मग कुठे कुठे पांगली. गेनबा हडपसरकडे गेला असं ऐकलं. त्याच्या धाकटीच्या बाळंतपणाला तुळजाबाईला कोणी बोलावलं नाही. नंतर तिने ते काम सोडलंच.

आता ती पंच्याऐंशीच्या पुढे आहे. बिबवेवाडीत नात श्यामलाकडे, तिसऱ्या मजल्यावर राहते. सकाळी साडेसहाला नळाला पाणी येतं. ते तीच भरते.