निहारच्या रक्तातलं गणित

गेल्या रविवारी सकाळी नवऱ्याच्या मोबाईलवर दोन रिपोर्ट आले, आणि ते वाचताच मला वाटलं... कुठेतरी पाणी मुरतंय.

दहावी झालेल्या मुलांचा कल म्हणे आता डीएनएवरून कळतो. नवऱ्याच्या कोरमंगलातल्या ऑफिसात या टेस्टची हवा होती, एका किटवर एक फ्री. एक आमच्या निहारला, दुसरं वरच्या मजल्यावरच्या लिंथोईला. मणिपूरच्या या मायलेकी, तोंबीदीदी आणि लिंथोई, बनशंकरीला आमच्याच घरात भाड्यानं राहतात. मुलं एकाच वर्गातली.

नळीत थुंकायचं, कुरियर करायचं. पण अ‍ॅपवर नाव, मातृभाषा आणि फोटोही टाकायचा... थुंकीच सगळं सांगणार, तर फोटो कशाला? नवरा म्हणाला, तुला प्रत्येक गोष्टीत खोट दिसते. दिसतेच!

सासूबाईंचा आक्षेप वेगळाच. त्यांचं घराणं पिढ्यान् पिढ्या बंगळुरूचं, मराठीत निम्मं कन्नड. "देवघरासमोर एंजलु? उष्टं कुणी कुरियरनं पाठवतं होय रे? वर जा आधी!" मुलं नळ्या घेऊन गच्चीवर पळाली.

तर रिपोर्ट. निहारकडे गणित आणि कोडिंगची उपजत देणगी. लिंथोईचा कल खेळ, संगीत, पाहुण्यांची सरबराई... गणितात मात्र बेताची.

अहो, आमच्या पोराला जिन्यात बसवून गणितात काठावर पास केलं ते याच लिंथोईनं! त्याला कॉमर्स हवंय. पण नवऱ्याची छाती फुगली, "शेवटी रक्त कुणाचं!" लगेच सायन्सचं कॉलेज शोधायला लागला.

आणि वर? इंजिनिअर व्हायचं म्हणणारी पोर आईला हॉटेल मॅनेजमेंटबद्दल विचारत होती!

नळ्यांची अदलाबदल झाली असणार, अशी माझी खात्री. संध्याकाळी निहारला समोर बसवलं. त्यानं कबूलच केलं. थुंकण्याआधी काही खायचं नव्हतं, आणि यानं तर गच्चीवर जाता जाता डब्यातल्या चकल्या तोंडात कोंबलेल्या... मग लिंथोईनंच दोन्ही नळ्या भरल्या.

 म्हणजे दोन्ही रिपोर्ट एकाच पोरीचे! आमचं आडनाव आणि निहारचा चष्म्यातला फोटो असला की ती इंजिनिअर. स्वतःच्या नावा-चेहऱ्यानिशी असली की पाहुण्यांना चहा देणारी. असा संताप आला म्हणून सांगू...

तशीच वर गेले आणि तोंबीदीदीला सगळं सांगितलं. दीदी कपाळाला हात लावून बसली. लिंथोई आधी हसली, मग तिचे डोळे भरून आले. मी निहारचा रिपोर्ट तिच्यापुढे धरला. म्हटलं, गणितवाला हा तुझाच, ठेव.

तिनं तो घेतला नाही. "नहीं आंटी, ये भी तो झूठ है ना... मुझे मॅथ्स अच्छा लगता है, बस."

काल तिनं पीयूसीला, म्हणजे अकरावीला, सायन्स घेतलं, निहारनं कॉमर्स. निहारची फी नवऱ्यानंच भरली, रक्ताचं नाव न काढता.

आणि मी, एवढी संशयी बाई... कौतुकाचा रिपोर्टही तितकाच खोटा असतो, हे मला त्या पोरीनं दाखवलं. थँक यू, लिंथोई.