चारचौघांत पाहिलेली नाडी

आमच्या अकोल्याच्या डॉक्टरीणबाई खासदार होऊन दिल्लीला गेल्या, तरी समोरच्याचं मनगट धरून बोलायची त्यांची सवय गेली नाही. मत मागतानाही बोटं नाडीवरच. "काहून, झोप होऊन नाही राहिली काय?" असं त्यांनी विचारलं की माणूस विरघळायचा. मला मात्र वाटायचं, या तपासताहेत की चाचपणी करताहेत?

गेल्या निवडणुकीआधी त्यांच्याच पक्षातल्या माझ्या दादाने त्यांच्या जागेवर तिकीट मागितलं. त्या थेट आमच्या घरी आल्या. बैठकीत कार्यकर्ते बसलेले होते. त्यांनी दादाचं मनगट धरलं आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाल्या, "भाऊ, ठोके चुकून राहिले. प्रचार राहू द्या, आजच अमरावतीले जा."

दादाचं काही खरं नाही, हे संध्याकाळपर्यंत गावभर झालं. तिकीट बाईंनाच मिळालं. पण अमरावतीच्या डॉक्टरांना दादाच्या हृदयाची रक्तवाहिनी खरोखरच जवळजवळ बंद झालेली आढळली. त्यांनी लगेच ऑपरेशन केलं.

पुढे तेल्हाऱ्याला एका लग्नात मी बाईंना विचारलंच, "मॅडम, हे त्याला बाजूला घेऊन सांगता आलं नसतं?"

त्या हसल्या नाहीत. "एकट्याले सांगतलं असतं, तं त्यानं ऐकलं असतं काय?"

नसतं ऐकलं. माझा भाऊ मला माहीत आहे. पण त्याच आठवड्यात तिकीट ठरणार होतं, हे त्यांनाही माहीत होतं.

दादा आता ठणठणीत आहे आणि त्यांच्याच प्रचाराला जातो. मी अजून त्यांना मत दिलेलं नाही.