भाचीच्या भिंतीला मामाचं कापड

आधी चहा संपवा. मधेच हसू आलं तर शर्टावर सांडेल, आणि त्याचाही दोष माझ्यावर येईल. मी जो घोळ घातला ना, तो घालायला माणूस मंडपवालाच लागतो. साध्यासुध्या माणसाला जमायचा नाही.

आळेफाट्याला माझा मंडपाचा धंदा आहे. लोकांना वाटतं मंडपवाला म्हणजे खांब, ताडपत्री आणि खुर्च्या. अहो, मंडपवाल्याचं खरं काम झाकायचं. लग्नघराची भिंत बिनगिलाव्याची असू दे, बाजूला गोठा असू दे, उकिरडा असू दे. वऱ्हाड उतरायच्या आत तिथं चुण्या पाडलेलं साटीन लागलेलं पाहिजे. पाहुण्याला उघडी वीट दिसली तर यजमानाचं काही जात नाही, माझी इज्जत जाते.

तर माझी भाची मृणाल. शिनोलीला दिलेल्या माझ्या आक्काची मुलगी. पोरगी आर्किटेक्ट झाली. शिनोलीजवळ एका चित्रवेड्या पुणेकरानं जागा घेतली आणि चित्रांची गॅलरी बांधायचं काम हिला दिलं. तिची पहिलीच इमारत. उद्घाटनाला मुंबईचे एक बडे आर्किटेक्ट येणार होते. त्यांना हे काम पसंत पडलं, तर पुण्याच्या मोठ्या कलादालनाचं काम ते हिच्या हाती देणार होते. आक्कानं त्यासाठी उपास धरले होते. घरात दुसरा विषय नव्हता.

मला फक्त बाहेर मंडप टाकायचा होता. "मामा, आत काही करायचं नाही हं," असं मृणालनं बजावलंही होतं. पण मी काय समजलो? पोरगी संकोच करतेय, मामाला खर्चात पाडायचं नाही म्हणून.

आदल्या दिवशी तिनं मला आतून सगळं दाखवलं. काय सांगू! एक भिंत पोट सुटल्यासारखी पुढं आलेली, समोरची आत गेलेली. गिलावा नाही, रंग नाही. स्लॅबच्या फळ्यांचे वळ सिमेंटवर जसेच्या तसे. आणि चित्रं भिंतीवर नाहीतच. भिंतीतून लोखंडी दांडे बाहेर आलेले आणि त्यांच्या टोकाला, बिनचौकटीची, हवेत अधांतरी.

"फार पूर्वी परदेशात एक आर्किटेक्ट होऊन गेला, मामा," मृणाल सांगायला लागली. "त्यानं चौकटी काढून टाकल्या, भिंती वाकवल्या, चित्रं पुढं आणली. चित्रानं भिंतीला टेकून बसायचं नाही, समोर येऊन माणसाला भेटायचं. चित्र कसं लावायचं याचा लोकांनी तेव्हापासून वेगळा विचार सुरू केला."

"आन ही लाकडी ढेकळं कशाची?"

"त्याच्यावर बसायचं. नाहीतर मूर्ती ठेवायची."

"नक्की काय करायचं?"

"तुम्हाला वाटेल ते."

आता मला सांगा, हे उत्तर झालं? मी बसलो, मग देवाच्या जागेवर बसलो की काय म्हणून उठलो, शेवटी नारळ ठेवून हात जोडले.

उद्घाटनाच्या दिवशी मृणाल पहाटेच पाहुण्यांना आणायला पुण्याच्या स्टेशनवर गेली. मी आणि माझा जुना गडी बबन मंडपाचं उरकून पुन्हा आत डोकावलो. बबननं भिंतीवरून हात फिरवला.

"मालक, काम अर्धंच राह्यलंय. गवंडी पळाला वाटतं. पोरगी लाजंनं सांगंना."

हे सगळं परदेशी पुराण म्हणजे पोरीनं अब्रू राखायला रचलेलं निमित्त, असं माझ्या डोक्यात पक्कं बसलं. आणि मी कोण? सख्खा मामा. लग्नात पोरीच्या पाठीशी उभं राहायचं ते मामानं. मग इथं नको?

"बबन, गाडीतलं गुलाबी काढ."

दुपारपर्यंत आम्ही ती गॅलरी ओळखू येणार नाही अशी केली. पोट सुटलेल्या भिंतीपुढं सरळ दोर ताणले, वरून खालपर्यंत गुलाबी साटीन, मधे पांढऱ्या झालरी. दांडे फार मधे येत होते. ते दुमडायचे निघाले, म्हणून मागं दुमडले. कापडाच्या फटींतून चित्रं बाहेर काढून कापडाला टेकवली, एका रांगेत, समान उंचीवर. आक्का येऊन बघून गेली आणि तिचे डोळे भरून आले. म्हणाली, "भाऊ, आता कसं घर वाटतंय."

पाहुणे आले. उंच, पांढरे केस, शांत माणूस. दारातून आत पाऊल टाकलं आणि थांबले. मागून मृणाल आली. तिचा चेहरा बघून मला वाटलं, आनंदानं बोलती बंद झाली.

पाहुण्यांनी चारी बाजूंना बघितलं आणि हळूच विचारलं, "इमारत कुठंय?"

मी पुढं झालो. "साहेब, पोरीला बोल लावू नका. गवंड्यानं दगा दिला. गिलावा आमी दिवाळीपतुर उरकतो."

"मामा," मृणाल कशीबशी म्हणाली, "काम पूर्ण झालंय."

"कुठलं?"

"कापडामागचं."

"ते? ते पूर्ण हाय?"

मी बबनला खूण केली, 'सोड.' म्हणजे हळूहळू सोड. पण आमची गाठ एक टोक ओढलं की सगळी सुटते, आणि बबन घाबरलेला. त्यानं हिसडा दिला. सगळं साटीन एकदम खाली आलं आणि पाहुणे त्याच्याखाली दिसेनासे झाले.

आम्ही त्यांना बाहेर काढलं. मग ते एकेक दांडा स्वतः पुढं ओढत, चित्र वळवत, भिंतीवर तळहात ठेवत सगळीकडे फिरले. आक्का दारात उभी होती, तिच्याकडे बघायची माझी छाती झाली नाही. पोरीचं नशीब मी गुलाबी कापडात गुंडाळून टाकलं होतं.

शेवटी ते माझ्यासमोर आले. "ही भिंत झाकावीशी का वाटली तुम्हाला?"

आता खोटं काय बोलणार? "साहेब, मी गावोगावच्या भिंती झाकल्या. भिंत म्हंजे गप मागं उभी ऱ्हाती. ही न्हाई ऱ्हात. चित्राकडं बघाया जावं तर ही म्हनती, आधी माझ्याशी बोला. मला तिची लई भीती वाटली बगा."

ते मृणालकडे वळले. "मी जन्मभर गॅलऱ्या बांधल्या. माझी भिंत झाकावी असं कुणाला वाटलं नाही, कारण ती कुणाला दिसलीच नाही. पुण्याचं काम तू करायचंस."

आक्का रडायला लागली. मृणाल तिच्या गळ्यात पडली. बबन माझ्या कानाशी लागला, "मालक, आपल्याला शिव्या पडल्या का शाबासकी?"

"मला तरी कुठं कळलंय? कापड आवर."

पण मला राहवेना. सगळं गोड झालंय, आता विचारायला काय हरकत, असं वाटलं. चहा घेताना पाहुण्यांना म्हणालो, "साहेब, मग गिलावा कधी करायचा?"

त्यांनी कप खाली ठेवला आणि इतके हसले की चष्मा काढावा लागला.

परवा मृणालचा फोन आला. पुण्याचं कलादालन बांधून झालंय, उद्घाटन आहे.

"मामा, तुम्ही यायचंच. पहिल्या रांगेत बसायचं. फक्त माझं एक ऐका."

"सांग की, पोरी."

"एस्टीनं या."

एस्टीत साटिनाचे तागे चढवू देत नाहीत, हे तिला पक्कं ठाऊक आहे.