शेजाऱ्यांचं शोले झर्द

टार्निट या आमच्या परदेशातल्या उपनगरात माझ्या शेजारी एक इराणी गृहस्थ एकटेच राहतात. काहीही सांगा, छातीवर हात ठेवून म्हणतात, "नो वरीज." गाडी बंद पडली, नो वरीज. लॉकडाऊन पुन्हा वाढला, तरी नो वरीज. मला कधीकधी रागच यायचा. मीही घरात एकटीच होते आणि मला वरीज पुष्कळ होत्या.

दर वर्षी ते शोले झर्द करायचे, म्हणजे तांदळाची घट्ट केशरी खीर. गराजमध्ये माणसं जमायची आणि प्रत्येकजण पातेलं ढवळताना मनात काहीतरी मागायचा. तशी पद्धतच आहे त्यांची.

लॉकडाऊनच्या त्या वर्षी कोणी येणं शक्यच नव्हतं. तरी एका दुपारी त्यांनी तेच भलंमोठं पातेलं शेगडीसकट ड्राइव्हवेवर आणलं आणि मला हाक मारली. चमच्याचा लांब दांडा सॅनिटायझरने पुसला आणि पार गराजच्या दारापर्यंत मागे जाऊन उभे राहिले.

"ढवळ आणि माग काहीतरी. सावकाश हं, नाहीतर करपेल."

मी ढवळू लागले. गुलाबपाण्याचा वास मास्कमधूनही येत होता. हात भरून आला, तरी ते पुरे म्हणेनात. डोळे मिटून उभे होते, हात छातीवर.

आच कमी करावी म्हणून मी वाकले. शेगडी बंद होती. खीर केव्हाच झाली होती.

"करपत नाही ना?" त्यांनी डोळे न उघडता विचारलं.

"नो वरीज," मी म्हटलं आणि ढवळत राहिले.