धोंडूच्या राघूची चोच

धोंडू सावंत घोडपदेवच्या चाळीत माझ्या शेजारच्या खोलीत राहायचा. गिरणीत साचे, म्हणजे माग, चालवायचा. कामाला चोख, तुटला धागा त्याच्या नजरेतून सुटत नसे. घरात पाळलेला राघू मात्र वाकडा होत गेला, ते त्याला दिसलं नाही.

साल छप्पन. राघू अजून लहान, तरी धोंडूने त्याला "संयुक्त महाराष्ट्र झालाच पाहिजे!" शिकवलं. राघू शिकला आणि थांबेना. नाक्यावर पोलीस चौकी. पोलीस राघूला नेतील या भीतीने धोंडूने पिंजरा खाटेखाली सरकवला, वर गोधडी टाकली. अंधारात राघू गप्प. खायला चहात बुडवलेला पाव आणि मिरची.

मग राघू दांडीवरून पडू लागला. पाय फेंगडे झाले. चोच दाबली की रबरासारखी लवायची.

"वात धरलाय," धोंडूची बायको कालिंदी म्हणाली. धोंडू खोबरेल लावून पाय चोळू लागला.

"मेल्या, मोडशील ते पाय! डॉक्टरकडे ने," मी म्हटलं आणि सोबत गेलो.

परळच्या जनावरांच्या दवाखान्यात डॉक्टरांनी विचारलं, "ऊन कधी दाखवलंत?"

"साहेब, तो बोलतो ना."

"मग?"

राघूने तिथेच घोषणा दिली.

"कळलं," डॉक्टर हसले. मग हसू आवरून म्हणाले, "हाडं मऊ पडलीत. चोळणं बंद. दांडी खाली आणा, तळाला कापड घाला. मेथी, पालक द्या, कॅल्शियमसाठी पिंजऱ्यात समुद्रफेस अडकवा. रोज सकाळचं ऊन, काचेतून नाही, उघड्यावर. थोडी सावलीही ठेवा. उशीर केलात तर हाडं मोडतील."

"आणि पोलिसांनी नेला तर?" घरी कालिंदीने विचारलं.

"नेला तर सोडवून आणू. मोडला तर काय आणू?" धोंडू म्हणाला.

पिंजरा गॅलरीत आला. राघूने तोंड उघडलं की धोंडू टाळ कुटत भसाड्या आवाजात अभंग म्हणायचा. रात्रपाळी करून आला तरी बसायचा. डोळे मिटत, हात थांबत नसत. एकदा हवालदार जिना चढून आला.

"रोज भजन?"

"नवस आहे, हवालदार."

"कसला?"

"हाडांचा."

हवालदार जरा वेळ ऐकत राहिला. "ताल चुकतोय," म्हणाला आणि उतरला.

शिमग्याच्या सुमारास राघूने धोंडूचं बोट फोडलं. पाय थोडे वाकडेच राहिले होते, पण चोच टणक झाली होती. रक्ताळलं बोट वर धरून धोंडू चाळभर फिरला. "बघा, कशी लागली!" कालिंदी हळद घेऊन मागे.

"अहो, थांबा तरी!"

"राधाबाईंना दाखवायचं राहिलंय," म्हणत तो वरच्या मजल्यावर पळाला.