कणगीतला यार

मला लाज नाही, असं अर्ध्या शेळगावचं म्हणणं आहे. उरलेलं अर्धं शेळगाव आमचे भाग फोनवर चोरून बघतं.

धाकट्या जावेनं बारामतीला मराठीत एम.ए. केलंय. सात-आठशे वर्षांपूर्वीच्या पोथ्यांतल्या चावट गोष्टी यूट्यूबवर दाखवायच्या, हे खूळ तिचं. पहिल्या गोष्टीत नवरा अवचित घरी येतो. बायको याराला कणगीत, म्हणजे धान्य ठेवायच्या माणसाएवढ्या टोपल्यात, लपवते आणि वर नवऱ्यालाच कणगीची राखण करायला बसवते. ती बायको मी. नवरा आणि यार जावेच्या कॉलेजातले. शूटिंग आमच्याच डाळिंबाच्या बागेतल्या खोपटात.

धास्ती एकच, सासऱ्यांची. बारा वर्षांत आबांसमोर माझा डोक्यावरचा पदर ढळला नव्हता, आणि इथं मी पदर कमरेला खोचून परक्या गड्याला डोळा मारत होते. आबा नको म्हणाले की खेळ खलास. आमच्या ह्यांनी तर आधीच हात वर केले होते.

पण लपवालपवी माझ्या रक्तात नाही. मीच भाग टीव्हीवर लावला आणि दाराआड उभी राहिले. संपल्यावर आबा म्हणाले, परत लाव. कणगी दिसल्याबरोबर त्यांनी थांबवायला सांगितलं आणि ही कुठली म्हणून विचारलं. इंदापूरच्या बाजारातनं आणली, जाऊ म्हणाली.

"सारवलेली न्हाय ही. फटीतनं गड्याचं धोतर दिसतंय. तितंच बसलेल्या नवऱ्याला दिसंना व्हय? आमच्या सुनेची हुशारी वाया घालवली तुमी."

आमच्या सुनेची! मला रडूच फुटलं.

आबांनी निरगुडीच्या फोकांची कणगी स्वतः विणली, शेणमातीनं सारवली, दोन दिवस उन्हात वाळवली. परत शूटिंग ठरलं, तर आबा खुर्ची टाकून समोर हजर. आता आली का पंचाईत! डोळा मारायची वेळ आली आणि माझा हात आपसूक पदराकडं गेला. जाऊ वैतागली. परत केलं, परत तेच.

आबा उठले. त्यांनी खुर्ची फिरवली आणि आमच्याकडं पाठ करून बसले.

"चालू दे, पोरी. म्या काय बघत न्हाय."

मी पदर खोचला आणि असा डोळा मारला, की यार खरोखरचा लाजला.

अजूनही प्रत्येक शूटिंगला आबा तसेच पाठमोरे बसतात. आणि पारावर कुणी वाकडं बोललं, तर सांगतात, कणगी माझी, आन् सूनबी माझीच.