वाफेवर अडलेला बाप्तिस्मा

थोरलीला बाप्तिस्मा हवा होता आणि गुरुजी तो होऊ देत नव्हते. भानगड एवढीच, पण ती दोन वर्षं चालली.

थोरली एका मोठ्या हॉटेलच्या लाँड्रीत चादरींना इस्त्री करायची. लहानपणी तापात कान गेले, बोलणंही गेलं. पण तिचे हात असे चालायचे की समोरच्याची बोलती बंद. गप्पा, भांडण, प्रार्थना, सगळं हातांनी. धाकटी बहीण तिचे हात वाचून लोकांना सांगायची, टोमणे तेवढे मवाळ करून. दर महिन्याला प्रभुभोजनाच्या भाकरीचं ताट चर्चच्या बाकांवरून फिरत यायचं आणि बाप्तिस्मा नाही म्हणून थोरलीला ओलांडून पुढे जायचं. चाळिशी उलटली तरी ते तिला दर वेळी तेवढंच लागायचं.

त्यांच्या चर्चच्या मंडळीत बाप्तिस्म्याआधी पंचांपुढे आपला विश्वास सांगावा लागे. मुख्य पंच गुरुजी, निवृत्त विज्ञानशिक्षक. देव एकच, तरी पिता, पुत्र आणि पवित्र आत्मा कसा, हे ते तीस वर्षं एकाच पद्धतीनं समजावत आले होते: पाणी, बर्फ आणि वाफ. पदार्थ एक, रूपं तीन. उमेदवारानं घोकून तेच म्हणायचं आणि सुटायचं. थोरली कुठली सुटायला! जिचा जन्म वाफेत गेला, तिला हे वाफ शिकवायला निघाले होते.

"वाफ झाली की पाणी उरत नाही," पहिल्याच वर्षी तिनं हातांनी सुनावलं होतं. "माझ्या इस्त्रीची टाकी रोज रिकामी होते. मग पुत्र आला तेव्हा पिता संपला का?"

गुरुजींनी शेरा मारला, 'समज अपुरी'. दुसऱ्या वर्षीही तोच प्रश्न आणि तोच शेरा.

"ताई, यंदा नुसती मान डोलाव ना," धाकटी काकुळतीला आली.

"देवाबद्दल खोटं बोलून देवाच्या घरात शिरू?" थोरलीनं हात असे झटकले की धाकटीनं पुन्हा विषय काढला नाही.

तिसऱ्या वर्षी चर्चला नवे पाळक, म्हणजे धर्मगुरू, आले. तेही पंचांबरोबर बसले. गुरुजींचं पाणी, बर्फ आणि वाफ सांगून होताच थोरलीनं ठामपणे नकारार्थी मान हलवली. पाळकांनी गुरुजींना थांबवलं. "मग तुम्हीच सांगा बाई, तुमच्या रोजच्या जगण्यात हे कसं आहे?"

असं तिला आजवर कुणी विचारलंच नव्हतं. तिचे हात सुटले. धाकटी सांगत गेली.

"प्रभू बाप्तिस्मा घेऊन पाण्यातून वर आला तेव्हा आकाशातून पिता बोलत होता, आत्मा उतरत होता. कुणी संपलं नव्हतं. तिघंही एकाच वेळी होते, आणि देव एकच. ते माझ्या डोक्यात मावत नाही. पण प्रार्थनेला बसले की कळतं. मी पित्याकडे जाते. एकटीची हिंमत होत नाही, म्हणून पुत्र हात धरून नेतो. त्यानं माझ्यासाठी जीव दिलाय. तिथं गेल्यावर मला शब्द नसतात. तेव्हा माझ्या आतून जो कण्हतो, माझ्यासाठी मागतो, तो आत्मा. या तिघांचं एकमेकांवर प्रेम आहेच, जग नव्हतं तेव्हापासूनचं. त्यात त्यांनी मलाही ओढून घेतलंय."

शेवटचं वाक्य सांगताना धाकटीला रडू फुटलं.

"गुरुजी," पाळक म्हणाले, "ख्रिस्ती मंडळी पहिल्यापासून हेच मानत आलीय. चुकली ती तुमची वाफ."

गुरुजींचा चेहरा पडला. तीस वर्षांचा धडा पोराटोरांसमोर नाही, पण पंचांसमोर तरी पुसला गेला होता. ते म्हणाले, "'समज अपुरी' हा शेरा खरं तर माझ्यावर हवा होता. हिच्या नावावर चढला." आणि त्यांनी स्वतःच्या हातानं तिचं नाव बाप्तिस्म्याच्या यादीत लिहिलं.

त्यानंतर पंधरा दिवस ते धाकटीकडे येत राहिले. कशाला, ते तिनं कुणाला सांगितलं नाही.

बाप्तिस्म्याच्या दिवशी थोरली चर्चमधल्या बाप्तिस्म्याच्या टाकीत छातीभर पाण्यात उभी राहिली. पाळकांचे दोन्ही हात तिला धरण्यात गुंतलेले. ते पिता, पुत्र, आत्मा ही नावं उच्चारणार आणि तिला ऐकू येणार नाही. एवढ्यात टाकीच्या काठावर गुरुजी गुडघे टेकून बसले. जाड, आखडलेल्या बोटांनी त्यांनी खूण केली: पिता. थोरली बघतच राहिली. पाळकांनी तिला पाण्याखाली नेलं. मग पुत्र. ती पुन्हा खाली गेली, वर आली. आत्म्याची खूण मात्र गुरुजींकडून पार बिघडली. थोरलीनं तोंडावरचं पाणी पुसलं आणि ती हातानं करून दाखवली. गुरुजींनी पुन्हा केली. तिनं मान डोलावली आणि हसत हसत स्वतःच पाण्याखाली गेली.

वर आली ती दोन्ही हात उंचावून. आणि काठावर रडणाऱ्या गुरुजींपासून मागच्या बाकापर्यंत साऱ्या मंडळीनं, तिला दिसावं म्हणून, टाळ्यांऐवजी हात उंच केले.